बेडकांची आरती

माझ्या हट्टापायी बायको वैतागते, पण यंदा गणपतीत तोच हट्ट कामी आला बघा. आमच्या झाशीच्या मराठी मंडळाचा नियम असा, की गणपतीसमोर कार्यक्रम मराठीच व्हायचा. पोरं तर घरातही हिंदीत बोलतात, त्यामुळे नाटक सुरू झालं की सगळी बाहेर पळतात. म्हटलं, यंदा एकालाही हलू द्यायचं नाही. मी जुनी काळी-पांढरी कार्टून आणली. त्यांत बेडूक नि बगळे नुसते वाजवतात आणि नाचतात.

आमचे सेक्रेटरी जोगळेकरकाका आडवे आले. "यात मराठी कुठंय?"

"काका, यात कुणी बोलतच नाही. मग हिंदी तरी कुठंय?"

काका पहिल्या रांगेत जाऊन बसले. पडद्यावर बेडकानं फिडल उचललं आणि नेमका स्पीकर बंद पडला. काका लगेच उठले, "चला, आवरा आता!"

"आवरणार नाही," म्हणत मी आरतीच्या झांजा उचलल्या. बायकोनं पेटी पुढे ओढून आरतीची चाल धरली. ते बेडूक मुळातच ठेक्यावर काढलेले, झांजांवर असे नाचले की एक पोर जागचं हललं नाही. जरा वेळानं बघतो, तर ढोलकी काकांच्याच मांडीवर!

तेवढ्यात कुणीतरी वायर जोडली आणि मूळ बँड दणक्यात सुरू झाला. काकांची नात किंचाळली, "अरे भैया, ये आवाज़ बंद करो! आजोबा को बजाने दो!"

काकांनी ढोलकीवर थाप मारली आणि मलाच दटावलं, "ऐकलंस ना? मराठीच चालू दे!"