बुटकी खिडकी

मिस्त्री : काका, उठा की हो. खिडकीत असे पाय बाहेर सोडून बसलात, तर घराला बाहेरून फळ्या ठोकू कुठे?

बाबा : बाजूच्या भिंतीवर ठोका. तिथे कोण बसलंय?

मिस्त्री : तिथलं झालं. बाकीच्या सगळ्या खिडक्यांभोवतीसुद्धा लाकूड बसलं. राहिली ही एक. ताईंनी फोनवर सांगितलं, ही खिडकी बुजवा आणि वरून सरळ फळ्या मारा. मी आपला सांगकाम्या.

बाबा : मग मी बसलोय तसाच मारा. श्वास घ्यायला एक फट ठेवा म्हणजे झालं.

मिस्त्री : ताई, तुम्हीच बघा आता.

मुलगी : बाबा, काय हे? आजूबाजूचे बघताहेत.

बाबा : बघू देत. खिडकी बघायसाठीच असते.

मुलगी : आपलं ठरलं होतं ना?

बाबा : तुझं ठरलं होतं. मी ‘हं’ म्हणालो. फोनवर मी सगळ्यालाच ‘हं’ म्हणतो.

मुलगी : अहो, ही जमिनीपासून गुडघ्याइतकी वर. पावसाचं पाणी खालून उडतं ते थेट आत. चौकट कुजलीय. मिस्त्री, सांगा ना.

मिस्त्री : कुजलीय खरी. शिवाय बाकीच्या खिडक्या एका रांगेत, ही एकटीच बुटकी. फळ्यांची ओळ इथे येऊन मोडते. वरच्या फळीला खाच पाडावी लागेल, ते वेगळंच.

बाबा : मग पाडा खाच. करवत काय पाठ खाजवायला आणलीत?

मुलगी : खरं सांगू? चौकटीचं मला काही नाही. तुम्ही दिवसभर आईच्या पलंगावर बसून या खिडकीतून बाहेर बघता. शेजारच्या काकू मला फोन करतात. चहा गार होतो, भाजी करपते, तुम्हाला पत्ता नसतो. म्हटलं, खिडकीच नसली तर उठतील, चार माणसांत जातील.

बाबा : काकूंना म्हणावं, स्वतःची भाजी बघा.

मुलगी : थट्टा नको, बाबा. आई गेली.

बाबा : ठाऊक आहे. हात माझ्याच हातात होता तिचा. आता ऐक. ही खिडकी कुणी पाडली?

मुलगी : तुम्ही. आई अंथरुणाला खिळली तेव्हा.

बाबा : भिंत मी फोडली. माप तिचं. डॉक्टर म्हणाले, आता उठणं नाही. तर म्हणाली, मग काय छताकडे बघत बसू? पडल्या पडल्या भिंतीकडे बोट केलं, इथून पाडा म्हणाली. मी म्हटलं, अगं, फार खाली होतेय, लोक हसतील. म्हणाली, हसायचं त्यांनी आधी माझ्याशेजारी आडवं पडून बघावं.

मुलगी : हे मला नव्हतं माहीत.

बाबा : लाकडाची हौसही तिचीच. खिडकीखालच्या या तीन ओळी आहेत ना, त्या आमच्या दोघांच्या. मी बाहेर उभा, ती आतून हुकूम सोडणार. मी फळीवर लेव्हलची नळी ठेवून दाखवायचो, आतला बुडबुडा बरोबर मधोमध. म्हणायची, ते ठेवा बाजूला, डावी बाजू खाली आहे. तीन ओळी झाल्या आणि ती गेली. हातोडी खाली ठेवली ती ठेवलीच.

मिस्त्री : तरीच त्या ओळी जरा डावीकडून चढल्यात. मी काढणार होतो त्या.

बाबा : हात लावून बघा.

मुलगी : पण मग दिवसभर बघता काय तिथून?

बाबा : तू उभी आहेस ना, ती जागा. मी तिथेच उभा असायचो. तिला मी कसा दिसत असेन, ते बघतो. भाजी करपली तर करपली. रडायचं तेव्हा रडेन, उठायचं तेव्हा उठेन. माझ्या दुःखावर फळ्या मारायला मी कुणाला बोलावलेलं नाही. तुलासुद्धा नाही.

मुलगी : मिस्त्री, खिडकी ठेवायची तर काय काय करावं लागेल?

मिस्त्री : कुजलेली चौकट बदलायची. वर पत्र्याची पट्टी, म्हणजे पाणी बाहेर पडेल. बाजूने थोडी फट सोडायची, पावसाळ्यात लाकूड फुगतं. होईल की. पण काकांनी उठायला हवं.

बाबा : आता उठतो. फळीचं दुसरं टोक कोण धरणार? मीच.

(नवी चौकट बसवून होते. मुलगी आत जाते. आईच्या पलंगावर आडवी होते.)

मिस्त्री : चौकट झकास बसली, काका. धरा आता ही बाजूची फळी. अशीच धरून ठेवा, ठोकतो.

मुलगी : थांबा. डावी बाजू खाली आहे.

बाबा : किती?

मुलगी : बोटभर.

मिस्त्री : नाही हो ताई, हा बघा बुडबुडा, अगदी मधोमध.

बाबा : ते ठेवा बाजूला, मिस्त्री. आतून काय सांगतात ते ऐका.