हवालदारदादाची ओवाळणी

मी मूळची केम गावची. लगीन होऊन सोलापुरात आले तवा माझी भाकरी अशी कडक व्हायची की सासूबाई म्हनायच्या, ही घरादाराचे दात पाडंल; आन् आता तीच कडक भाकरी इकून घर चालवते, काय सांगू तुमाला, माझं चुकलेलंच धंद्याला लागलं बगा.

आमचे हे टॉवेलच्या कारखान्यात मागावर हुते. शहरात दंगल झाली, निवली बी, समदे म्हनले सुटलो, आन् मग पोलिसांची धरपकड सुरू झाली. हे च्या प्यायला भाईर पडले, तितनंच उचलले. दुसऱ्या दिवशी सांगितलं, चौकीच्या न्हाणीत पाय घसरून गेले. अंगभर काठीचे वळ. न्हाणी काय काठीनं मारती व्हय?

केस घातली. पयल्या तारखेला मी जरीची साडी नेसून गेले, वकील म्हनले, ताई, वऱ्हाडात आलाय का?

ह्यांना उचललं त्या दिवशी चौकीत दत्तूदादा हवालदार ड्यूटीला हुता. त्यो बी केमचाच, माझ्या आळीतला. जबाबात म्हनला, म्या काय बगितलं न्हाय. औंदा रिटायर झाला, तशी भाऊबीजेला मी ताट घेऊन त्येच्या दारात. गावची लेक, न्हाय कोन म्हनंल? दादा गुमान पाटावर बसला. मी ओवाळतीय आन् दिवा इझतोय, लावतीय आन् इझतोय, मला वाटलं हे वरनं फुंकत्यात; वैनी म्हनली, अवो वन्सं, पंखा चालू हाय की.

पंखा बंद झाला. दादानं खिशात हात घातला. म्या म्हनलं, खिसा ऱ्हाऊ द्या, बगितलं ते कोर्टात सांगा, तीच ओवाळणी. त्यो म्हनला, शालन, माझी पेन्शन अडकवतील गं. माझा हात भरून आला, पर ताट खाली ठिवलं न्हाय. शेवटी वैनीच म्हनली, अवो, किती येळ उभी ठेवताय तिला?

दादा कोर्टात आला. म्हनला, चौकीतल्या तिघांनी मारलं, मी दार लोटून भाईर उभा हुतो. समोरच्या वकिलानं इचारलं, ही तुमची कोन? दादा म्हनला, बहीन. आमच्या वकिलांनी कपाळाला हात लावला, ताई, आता ते म्हनतील भाऊ बहिनीसाठी बोलला. इतक्या वर्सांनी खरं बोलनारा गावला, त्यो नात्यातला निघाला, आन् नातं बी मीच जोडलेलं!

निकाल कवा लागंल, ठावं न्हाय. पर ह्यांचा पाय घसरला न्हवता, ह्ये भर कोर्टात बोललं गेलं. दादाची पेन्शन खरंच अडकलीया. मी त्येला भाकरी पाठवते, वैनी दुधात भिजवून देती, दात कुटं ऱ्हायल्यात त्येला. दात नसंनात का, निकाल ऐकायला आयुष्य तेवढं मिळू दे माझ्या भावाला.