कोडवरचं कुंकू

जळगाव स्टँडवर धुळ्याच्या गाडीच्या रांगेत माझ्यापुढे तिघं भांडत होती: हॉस्टेलला निघालेली रोशनी, तिचा भाऊ जगदीश आणि आई. कान बंद करायला मी काही साधू नाही.

“आई, जग्याने छापून दिलेल्या गेमच्या कोडवर हळद-कुंकू कोणी लावलं?”

“मीच. पोरगी परगावी निघाली, नवीन कागदाला लावायला नको?”

“पुसायला गेले तर शाईच पसरली, जग्या. स्कॅनच होत नाही.”

“तरी सांगत होतो! दर कोडला गेममधलं सगळं उलटंपालटं होतं; आता तुझा गेम माझ्यासारखा कसा होणार? माझा खजिना विहिरीत, तर तुझाही विहिरीतच पाहिजे, ताई.”

“तुझ्या गेमच्या मशीनवरून तोच कोड परत काढ ना.”

“गेम सुरू झाला की जुना कोड राहत नाही. नव्यात बठ्ठं, सगळंच वेगळं निघतं.”

“राहू दे. तू शेवटच्या राक्षसापाशी पोचलास. मी एकटी खेळेन.”

“एकटी? गप! हा बघ, माझा गेम काढून टाकला.”

“येड्या! एवढा खेळलेला?”

“हा नवा कोड, माझ्या स्क्रीनवर. धर तुझं मशीन. दोघं पहिल्यापासून.”

“गाडी लागली रे! आता लावू का कुंकू?”

“थांब आई, माझ्या मशीनवर स्कॅन होऊ दे... झालं. लाव आता.”

“कुठे लावू?”

“माझ्या कपाळाला.”