आईने काठी दिलेला कैदी

बस म्हटलं ना मुकाट! त्या अंजिराखाली — हां, सावलीत. हात बांधलेत म्हणून पाणी पाजतोय, लाड नाही करत तुझे. ही काठी कुठली, एवढंच विचारतोय मघापासून. राहू दे, मलाच ठाऊक आहे. मुठीवरची ही खूण माझ्या बापाने कोरलीय, आमच्या दारामागे असते ही. चोरलीस? छे, आईच्या नजरेआड घरातली सुई हलत नाही. म्हणजे तिनेच दिली. काठी देऊन अनाया दिली तुला, अभयाचा शब्द — हा माझा पाहुणा, याच्या केसाला धक्का लावाल तर माझ्याशी गाठ आहे! अन् आमच्या जुर्जुराच्या डोंगरात आईने दिलेली अनाया पोटच्या पोरानेच मोडायची, म्हणजे मेल्यावर खांदा द्यायला कुत्रं येणार नाही.

जेवलास ना तिच्याकडे? जवाची भाकरी, वर तेल? वाटलंच. मी फ्रेंचांचा हा डगला चढवला, त्या दिवसापासून माझ्यापुढे ताट नाही ठेवलं बयेने. ‘कोण बेलाईद? मी नाही ओळखत,’ म्हणते. अरे, हौसेने गेलो का मी? माझ्या धाकट्या भावाने, मझियानने, फ्रेंचांच्या चौकीवर तेल विकलं, एवढ्यावर फितूर ठरवून तुमच्या मुजाहिदांनी त्याचा गळा चिरला, ओढ्यात टाकला. दुसऱ्या दिवशी मी बंदूक मागायला चौकीत उभा.

तिकडे लेफ्टनंट वाट बघतोय. माणूस वाईट नाही, खोटं कशाला बोलू — आई आजारी होती तेव्हा डॉक्टर धाडला त्याने. दुपारच्या आत तुला आणतो, असा शब्द दिलाय त्याला. सोडलं हे कळलं तर भिंतीशी उभा करून गोळ्या घालतील मला. अन् नेलं, तर उद्यापर्यंत तू नावं ओकशील — ओकतात रे सगळेच, दाराबाहेर पहाऱ्याला मीच असतो, कानांत बोटं घालून किती घालणार? ज्यांनी आसरा दिला त्यांची घरं पेटवतात मग. पहिलं नाव आईचंच येईल.

हात इकडे कर. हलू नको, दोरी कापतोय. खाली उतर, झुडपांतून जा. दोन गोळ्या झाडतो अन् सांगतो, दरीत पडला म्हणून.

थांब. मझियानला मारलं तेव्हा — तू होतास तिथे? आईने विचारलं असेल तुला, भाकरी वाढायच्या आधी. विचारलंच असणार, सोडणार नाही ती. अन् तरी वाढली? ...ए! तोंड उघडू नकोस! एक शब्द काढलास तर अनाया-बिनाया काही बघणार नाही मी. नीघ. अरे मेल्या, बघतोस काय — पळ!