वापरून झालेला बर्फ

मी ओदील ब्रासार, वय ७१, विधवा, पूर्वी शाळेची बस चालवत असे, आता घरीच असते. राहणार तळ्याचा उत्तर रस्ता, सेंत-ओर्तांस, क्वेबेक. आज २९ मार्च रोजी ठाण्यात स्वतः येऊन, सार्जंट कारीन दुफूर यांनी विचारल्यावरून, माझा मुलगा यानिक ब्रासार, वय ३८, याच्या मृत्यूबाबत सांगते ते असे.

यानिक माझा एकुलता एक. नवरा लेओ नऊ वर्षांपूर्वी वारला. यानिक सात वर्षांचा असल्यापासून बर्फावरचे शॉर्ट ट्रॅक स्केटिंग करत असे. बाविसाव्या वर्षी तो जगज्जेता झाला आणि त्यानंतर आणखी दोनदा. गावात शिरताना त्याच्या नावाची पाटी आहे. तो सुरुवातीला मागे राही आणि शेवटच्या वळणावर आतल्या बाजूने पुढे येई. लेओ म्हणायचा, "पोरगं दारातून येतच नाही, फटीतून येतं."

एकतिसाव्या वर्षी माँट्रियलच्या शर्यतीत दुसऱ्याचा पाय अडकून तो कडेच्या भिंतीला लावलेल्या गादीवर डोक्यावर आपटला. त्याआधीही तो अनेकदा पडला होता. या वेळी शुद्धीवर आला तेव्हा त्याने मला ओळखले, पण वर्ष कोणते ते सांगता आले नाही. तेव्हापासून तो माझ्याजवळ राहतो. स्वतःचे जेवण वाढून घेतो, अंगण झाडतो, मांजराशी बोलतो. डोक्याच्या दुखापतीवर वाचनालयात होती तेवढी पुस्तके मी वाचली. तो बरा होईल असे एकाही पुस्तकात नव्हते.

सार्जंटबाई शहरातल्या आहेत म्हणून पुढचे सविस्तर सांगते. ही शर्यत लहान लंबगोलावर होते, नेहमी डावीकडे वळत. प्रत्येक वळणावर सात काळे ठोकळे मांडतात. स्केटच्या पात्यांनी वळणावरचा बर्फ खरवडला जातो, म्हणून दोन शर्यतींच्या मध्ये माणसे बादलीने तिथे पाणी ओततात आणि ते गोठून खाचा बुजतात. शिवाय ठोकळे मीटरभर सरकवतात, म्हणजे पुढच्या शर्यतीला कोरा बर्फ मिळतो. दोनदा इकडे, दोनदा तिकडे, आणि परत मधोमध. आमच्या गावच्या रिंकवर हे काम लेओ करत असे. ती बादली घरीच होती.

या हिवाळ्यात यानिकने घरासमोर तळ्यावर ट्रॅक आखला. ठोकळे म्हणून मेपलच्या पाकाचे चौदा रिकामे डबे घेतले. रोज सकाळी मुलगा तळ्यावर सराव करत असे. शेजारी फेर्नां गान्यों यांची मासेमारीची झोपडी तिथेच बर्फावर होती. ते ओरडायचे, "काय रे चॅम्पियन, आज कोण जिंकलं?"

"मीच."

"आणि दुसरा कोण आला?"

"दुसरा अजून यायचाय."

फेर्नां मला म्हणाले होते, "ओदील, अगं पोरगा खूश आहे. राहू दे की." तो खूश होता हे खरे आहे.

तो डबे रोज मीटरभर सरकवायचा. पण परत मधोमध आणायचे ते विसरायचा. प्रत्येक वेळी एकाच दिशेला, ओढा तळ्याला मिळतो तिकडे. आधी तो मला स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसे. मग न्हाणीघराच्या खिडकीतून दिसू लागला. मार्चमध्ये मला व्हरांड्याच्या टोकाला जाऊन वाकून बघावे लागे. ओढ्याच्या तोंडाशी बर्फ पातळ असतो हे गावातल्या लहान पोरांनाही माहीत आहे. यानिकलाही ते एके काळी माहीत होते.

मी स्वतः जाऊन डबे परत घरासमोर आणून मांडले. तो म्हणाला, "आई, तिथला बर्फ वापरून झालाय."

मी म्हटले, "तो केव्हाच परत गोठलाय रे राजा. इथेच खेळ."

"तुला नाही कळत. बाबांना विचार."

आणि त्याने डबे पुन्हा तिकडे नेले. मी स्केट लपवले. तेव्हा तो मोजे घालून, हेल्मेट डोक्यावर ठेवून, दिवसभर दाराशी बसून राहिला. "आई, माझी हीट लागलीय, पहिली फेरी, नाव पुकारतील," एवढेच म्हणत होता. संध्याकाळी मी स्केट काढून दिले.

मी नगरपालिकेत फोन केला. त्यांनी 'बर्फ धोक्याचा' अशी पाटी लावली. यानिक तिला वळसा घालून जायचा. दवाखान्यात फोन केला. तो स्वतःला किंवा दुसऱ्याला इजा करत नाही तोवर ठेवून घेता येणार नाही, असे तिथल्या बाई म्हणाल्या. या ठाण्यातही फोन केला. फोनवरचे गृहस्थ म्हणाले, "मॅडम, मोठा माणूस तळ्यावर स्केटिंग करतो, ही काही तक्रार होत नाही." ते चुकीचे बोलले असे माझे म्हणणे नाही. गेल्या आठवड्यात फेर्नांनी आपली झोपडी काढून नेली. तेव्हापासून तिथे कोणी नव्हते.

काल सकाळी यानिकने त्या बादलीत ओतायला पाणी गरम मागितले. गरम पाण्याने खाचा नीट बुजतात, हे त्याच्या वडिलांचे शिकवलेले. पाणी मी चुलीवर तापवून दिले. तो म्हणाला, "आज फायनल आहे, ये बघायला." मी म्हटले, "भांडी आवरते आणि येते." मी व्हरांड्यावर आले तेव्हा डबे दिसले, तो दिसला नाही. बुटांनिशी धावत गेले. अलीकडच्या वळणाचे सात डबे जागेवर होते. पलीकडचे पाण्यावर तरंगत होते. शेजारून धावत आलेल्या फेर्नांनी मला मागून धरून ठेवले. दुपारी अग्निशमनच्या लोकांनी त्याला बाहेर काढले.

सार्जंटबाईंनी विचारले की ओढ्याकडे तो रोज स्वतःहून सरकत होता, याचा अर्थ काय घ्यायचा. दुकानात लोकही तेच बोलतात हे मी ऐकले आहे. मॅडम फोर्तें माझ्या तोंडावर म्हणाल्या, "सुटला बिचारा, त्यानंच ठरवलं असेल." माझे म्हणणे असे की त्याने तसे काही ठरवले नव्हते. अलीकडच्या वळणावर त्याने पाणी ओतले होते. अग्निशमनचा एक माणूस त्या गुळगुळीत जागेवर घसरून पडला, त्याला विचारावे. बादली तिथेच कडेला ठेवलेली होती, अर्धी भरलेली. उरलेले पाणी शर्यतीनंतर ओतायचे होते. ज्याला परत यायचे नाही तो नंतरच्या शर्यतीसाठी पाणी राखून ठेवत नाही. बादली ठाण्यात जमा आहे. तिचे काम झाले की मला परत मिळावी.

माझा कोणावर संशय नाही आणि कोणाविरुद्ध तक्रार नाही.

वरील मजकूर सार्जंटबाईंनी मला मोठ्याने वाचून दाखवला. त्यात "मुलगा तळ्यावर भटकत असे" असे आले होते, ते माझ्या सांगण्यावरून खोडून "सराव करत असे" असे केले. बाकी मी सांगितले तसेच लिहिले आहे, ते बरोबर आहे. सही माझी आहे.

ओदील ब्रासार