कानाशी धरलेली वाटी

मेक्सिकोतल्या ओआहाका शहरात बसच्या रांगेत माझा नंबर सातवा. पुढे मेस्कल नावाच्या दारूच्या भट्ट्या दाखवणाऱ्या सहली काढणारी ओतिलिया आणि तिच्या सहलीत गिटार वाजवणारे फर्मीनकाका.

“मग, काढलंस का भट्टीवरच्या क्रेसेन्सियोबाबांना कामावरून?”

“काढायलाच गेले होते. डोळे गेलेला माणूस पाहुण्यांना दारूचे बुडबुडे काय दाखवणार?”

“आणि बुडबुडे बघितल्याशिवाय कडकपणा कळतो कुणाला?”

“त्यांना कळतो, काका! बोरूच्या नळीतून भोपळ्याच्या वाटीत धार सोडली, वाटी कानाशी धरली नि म्हणाले, ‘अठ्ठेचाळीस टक्के.’”

“अंदाजपंचे!”

“मीही हसले. मोजलं, तर अठ्ठेचाळीसच. दुसऱ्या भट्टीची दिली. ‘हिचे बुडबुडे लवकर विझतात, पंचेचाळीस.’ तेही बरोबर!”

“आई गं! नुसतं ऐकून?”

“वीस पाहुणे, काका, पण तोंडातला घास कुणी चावेना.”

“आणि आजच नेमका मी दातवाल्याकडे!”

“बरं झालं. बाबाच म्हणाले, ‘गिटारवाला नाही वाटतं? तरीच नीट ऐकू येतंय.’”

“खवचट म्हातारा! मग, राहिले ना?”

“राहिले. पण ते वाटी कानाला लावतील तेव्हा तुम्ही हात बांधून उभं राहायचं.”

“हात कसले, पोरी? श्वाससुद्धा रोखून धरीन.”