पहिली पंगत

गडचिरोलीला निघालेल्या एसटीत सुगंधाबाई शेजारणीला, वच्छलेला, हळूच म्हणाली. म्हणजे चार सीटांना ऐकू जाईल इतक्या हळू.

“तुह्या पुनमचं लगन वैशाखात, अन् तू दिवाळीलेच आचारी सांगून ठेवला.”

“मंग चांगला आचारी भेटत नाई, बाई.”

“भांडे घासाले बी भाड्याचे मानसं. गावातल्या बायाइचे हात झडले का?”

“नाई झडले.”

“माह्या हातचा वांग्याचा रस्सा खारट होते का?”

“थोडासा होते.”

“आपल्यात मांडव पडला का बाया आपोआप चुलीजवळ जमतेत. आता मी काय पाव्हनी होऊन बसू?”

“हो.”

“काऊन?”

वच्छला तिच्याकडे वळली.

“पुनमचे बाबा गेले, तवा तेरवीपर्यंत माह्या घरी चूल पेटली नवती. तुमीच बाया भात रांधून आनत होत्या. तुमच्या त्या खारट रश्श्यावर मी अन् पुनम जगलो. तवा मी तुमाले बसा बी म्हटलं नाई. आता लगनात कोनी चुलीजवळ जाचं नाई. पहिली पंगत तुमची. वाढीन मी.”